राणोजीमामांचा टेकू

ये गं मेघना, अशी जवळ ये. दारातच काय उभी राहतेस वही छातीशी धरून, पोस्टमनसारखी? तू आत्ता समोर नाहीस, हे मला कळतं. पण मला लिहितानासुद्धा समोर माणूस लागतं, त्याशिवाय हात चालत नाही. गेल्या खेपेला आलीस, अर्धी कॉफी पेल्यात टाकून पळालीस. "आजी, मेट्रो चुकेल," म्हणे. जशी काही ती एकच मेट्रो आहे बेंगळूरात! आणि जाताना ही कॉलेजची वही माझ्या मांडीवर टाकलीस. चिकपेटेतल्या आमच्या मठाचा इतिहास नि बांधकाम. "वाचून ठेवा, काही चुकलं असेल तर सांगा."

चुकलंय. सगळं नाही. खांब बरोबर मोजलेस, जुने बारा आणि नंतर घातलेले सिमेंटचे चार. दार बुटकं का, तेही बरोबर लिहिलंस. पण पुढे लिहिलंयस, "दुरुस्तीच्या वेळी गवंड्याने टेकू चुकीच्या जागी लावल्यामुळे मंडपाचा पूर्वेकडचा भाग कोसळला. त्यात गवंडी मरण पावला." गवंड्याचं नाव तू लिहिलं नाहीस. का नाही लिहिलंस, ते मला ठाऊक आहे. तो तुझ्या आजीचा बाप. रुक्मीचा बाप. लाज वाटली असेल. ती लाज आमच्या घरची होती पोरी. तिला आम्ही तुमच्या घरी राहायला पाठवलं आणि मी आजवर तोंड उघडलं नाही. आज उघडते. मध्येच पानं उलटू नकोस, ओळीने वाच.

माझे वडील, अण्णा, त्या मठाचे पारुपत्यगार होते. म्हणजे महाराज नव्हेत, पुजारीही नव्हेत. किल्ल्या, दिवे, झाडलोट, गळकं छत, पडकी भिंत हे सगळं बघणारा माणूस. पिढ्यान् पिढ्या हेच काम. मागच्या अंगाला तीन खोल्या होत्या, तिथे आम्ही राहायचो. माझ्या दोन्ही अक्का लग्न होऊन गेल्या होत्या, भाऊ नव्हताच. मी शेंडेफळ. आई चुलीपाशी, अण्णा मंडपात आणि मी दोन्हींच्या मध्ये, ओटीवर. आमच्या घरात जी मराठी बोलायचे ती आता पुण्याची माणसं ऐकतात आणि हसतात. हसेनात का. सकाळी नाचणीचा मुद्दा, म्हणजे शिजवलेल्या पिठाचा गोळा, नि पातळ सार, रात्री भाकरी नि पिठलं. थंडीत अवरेकाई, म्हणजे इथल्या वालाच्या शेंगा, आली की सारा मठ तिच्या वासाने भरायचा, इतका की महाराज ध्यानातून उठून विचारायचे, "वहिनी, अजून किती वेळ?"

मठ तू बघितलास तो रंग फासलेला. मी बघितला तो उघड्या दगडाचा. करड्या दगडाचे सोळा खांब, खाली चौकोनी, वर अष्टकोनी, त्यांच्यावर दगडी तुळया नि तुळयांवर दगडाच्याच लांबलचक फरश्या. सांध्यात चुना नाही. नुसता भार भारावर ठेवलेला. "या मठाला कुणी धरून ठेवलेलं नाही," अण्णा म्हणायचे, "ज्याने त्याने आपापल्या जागी उभं राहायचं, एवढंच." फरश्यांच्या वर मात्र विटांचा नि चुन्याचा जाड थर, ती गच्ची. मागे अंगणात विहीर आणि विहिरीपलीकडे होऊन गेलेल्या महाराजांच्या समाध्या, ओळीने. फौजांबरोबर घाटापलीकडून आलेल्या कुणा गोसाव्याने हा मठ बांधला. फौजा गेल्या, गोसावी राहिला, त्याची नि आमची माणसं राहिली.

ती गच्ची दर दोन-तीन वर्षांनी नव्याने करायला लागायची आणि ते काम राणोजीमामांचं. मामा म्हणजे नात्यातले नव्हेत, गल्लीतले. आपल्यातलेच मराठे, पण बापजाद्यांपासून चुन्याचं काम. मागच्या दारी चुन्याची घाणी होती. गोल खाच, तिच्यातून फिरणारं दगडी चाक आणि चाकाला बैल. दिवसभर ते चाक कण्हायचं. त्यात हिरड्याचं पाणी, गुळाचं पाणी, बेलफळाचा गर. मामांना बेलफळ मंजूर नव्हतं. महाराजांसमोर हात जोडून म्हणायचे, "महाराज, अंडी घालू द्या की स्वल्प. कोंबडीला मी गंध लावतो, माळ घालतो, मग तर झालं?" महाराज पोट धरून हसायचे. मग बायका ओळीने बसून लाकडी थापण्यांनी तो चुना बडवायच्या, एका तालात, आठ-आठ दिवस. त्या तालावर मी झोपलेय, जेवलेय, पाढे पाठ केलेत. रुक्मी आणि मी गुळाच्या ढेपेतला एकेक खडा पळवायचो. मामांना दिसायचं. म्हणायचे, "खा, खा. गच्ची गळली की सांगेन, दोन उंदरांनी गूळ खाल्ला."

आता मुख्य ते. मी बारा वर्षांची असेन. विहिरीची भरलेली घागर कमरेवरून घसरली आणि मंडपात, पूर्वेकडच्या चौथ्या खांबाजवळ, धाडकन खाली बसली. फुटली नाही, तांब्याची होती. पण आवाज वेगळा आला. तू आर्किटेक्चर शिकतेस, तुला कळेल. इतर ठिकाणी दगड ठण्ण म्हणायचा. इथे आवाज खाली उतरला आणि थोड्या वेळाने परत आला. मला मज्जा वाटली. मी घागर उचलून पुन्हा आपटली. तिसऱ्यांदा आपटणार तोच अण्णांनी हात धरला. माझा हात त्यांनी आयुष्यात तेवढा एकदाच पिरगळला.

त्याच दिवशी दुपारी, आई झोपलेली असताना, अण्णांनी मला समाध्यांपाशी नेलं आणि सांगितलं. चौथ्या खांबाच्या अलीकडे, फरशीच्या खाली, एक गुंफा आहे. विटांची, कमानीच्या छताची, एक माणूस बसेल नि एक झोपेल एवढी. मूळ गोसावी तिथे ध्यानाला बसायचे. पुढे कधीतरी पेठेवर शत्रूची फौज आली तेव्हा मठातल्या मूर्ती आणि गल्लीतल्या लेकीबाळी तिच्यात लपवल्या. तेव्हाच्या पारुपत्यगाराला, आमच्या पूर्वजाला, शिपायांनी याच अंगणात बांधून घातलं. त्याची बोटं एकेक करून तोडली. तो बोलला नाही. नंतर तेव्हाच्या महाराजांनी गुंफेचं तोंड बुजवलं आणि आमच्या घराण्याला शपथ घातली. ही जागा पारुपत्यगाराने फक्त आपल्या मुलाला सांगायची, पुढच्या महाराजांनासुद्धा नाही. जो बोलेल त्याचा वंश बुडेल.

"मग मला का सांगता?" मी विचारलं.

"मुलगा कुठाय मला?" अण्णा म्हणाले. "तू घागर आपटलीस. कळायचं ते तुला कळलं. आता शपथ घे."

मी घेतली. खरं सांगते, मला फार मोठं झाल्यासारखं वाटलं. अक्कांना ठाऊक नव्हतं, आईला नव्हतं, साक्षात महाराजांना नव्हतं आणि मला ठाऊक होतं. आज वाटतं, काय होतं गं त्या गुंफेत? मूर्ती केव्हाच वर आल्या होत्या. लेकीबाळी म्हाताऱ्या होऊन मेल्या होत्या. आत फक्त अंधार होता, आणि आम्ही तो राखत होतो.

पुढच्या पावसाळ्यात महाराज गेले. आपल्याकडे संन्याशाला जाळत नाहीत, हे तू लिहिलंयस. बसलेल्या स्थितीत खड्ड्यात ठेवायचं, भोवती मीठ भरायचं, वर दगड. विहिरीपलीकडच्या ओळीत जागा उरली नव्हती. मठाच्या मंडळातले मोठे होते तात्या, कापडाचे व्यापारी. मनाने वाईट नव्हते, पण आवाज सदा घाऊक बाजारातला. ते म्हणाले, "एवढ्या मोठ्या योग्याला कोपऱ्यात कशाला? मंडपाला लागून घ्या. पूर्वेला, चौथ्या खांबाबाहेर."

"तिथे नको," अण्णा म्हणाले.

"का?"

"नको म्हणतो."

"अहो पण का? वास्तू आडवी येते, की देव येतात स्वप्नात?"

अण्णा किल्ल्यांचा जुडगा उचलून आत गेले. लोकांना वाटलं, विचारलं नाही म्हणून पारुपत्यगार रुसले. खड्डा खणला, गुंफेच्या भिंतीपासून दोन-अडीच हातांवर. गाडीतून मिठाची पोती उतरली. महाराजांना बसवलं, मीठ ओतलं, आम्ही सगळे रडलो. आणि मग पाऊस लागला तो थांबेना. बेंगळूरचा पाऊस संध्याकाळी येतो नि जातो, पण त्या वर्षी तो दिवसभर पडायचा. मीठ विरघळलं. ते खारं पाणी कुठे जाणार? जुन्या विटांत, जुन्या चुन्यात. चौथ्या खांबाच्या पायाशी पांढरी पापडी धरली. आई म्हणाली, "अगं, रांगोळी अजून घातलीच नाही, ही कुणी घातली?" एके सकाळी वरच्या दोन फरश्यांमध्ये फट दिसली. पहिल्या दिवशी नख जाईल एवढी. चौथ्या दिवशी माझा पंजा जाईल एवढी.

राणोजीमामांना बोलावलं. ते आले, पागोटं काढून ठेवलं, ओळंबा सोडला. खांब बाहेर कलला होता. ते म्हणाले, "याचा पाय खचलाय. आधी छत टेकूवर घेतो, मग पाय बघू." सागाच्या दोन बल्ल्या आणल्या, वर आडवी तुळई. बल्ल्या उभ्या करायच्या ती जागा त्यांनी काठीने ठोकली. एकदा ठोकली, दोनदा ठोकली. मान वाकडी करून ऐकलं.

"अण्णा, इथला आवाज मला आवडत नाही."

"मग तीन हात पलीकडे लावा," अण्णा लगेच म्हणाले.

"पलीकडे लावायचा तर तुळई लांब पाहिजे. ती लाकडाच्या वखारीतून उद्या येणार. छत उद्यापर्यंत माझी वाट बघेल असं मला दिसत नाही." मामांनी काठी टेकली. "खाली काय आहे ते सांगा. घट्ट असेल तर इथेच उभा करतो. पोकळ असेल तर आज कुणी आत यायचंच नाही, पडायचं ते पडू दे. दगड पडतो, पुन्हा रचता येतो. सांगा."

तात्या छत्री मिटत म्हणाले, "यांना काय विचारतोस रे राणोजी? समाधीलाही नको, टेकूलाही नको. आमच्या अण्णांना नको म्हणायला पगार आहे."

दोघं-तिघं हसले. अण्णांचा चेहरा मी बघितला. मेघना, मी तो अजून बघते. ओठ हलले होते. हलले होते, हे मी शपथेवर सांगते, आणि आता माझ्या शपथेला काय किंमत म्हणशील तर तेही खरं.

"पोकळ आहे का अण्णा?" मामांनी सरळ विचारलं.

"नाही," अण्णा म्हणाले. "पाणी मुरलंय, म्हणून आवाज तसा येतो."

मामांचं समाधान झालं नव्हतं. मी खांबाशी ताकाचा तांब्या घेऊन उभी होते. मला ते पुट्टी म्हणायचे, म्हणजे कन्नडात छोटी. माझ्याकडे वळून ते हसत म्हणाले, "पुट्टी, तू सांग. तू नि माझी रुक्मी सगळा दिवस इथे लंगडी घालता. जमीन घट्ट आहे ना?"

त्यांना मस्करीच करायची होती असं पुष्कळ वर्षं मी स्वतःला सांगितलं. तसं नव्हतं. चांगला गवंडी जागेबद्दल त्या जागेवर खेळणाऱ्या पोरांना विचारतो. आणि मला वाटलं, हीच ती वेळ. पूर्वजाची बोटं तोडली तरी तो बोलला नाही, आणि मला तर नुसतं हसत विचारलंय.

"घट्ट आहे मामा," मी म्हटलं.

"सरी, ठीक," ते म्हणाले. तांब्या वर धरून घटाघटा ताक प्यायले, मिशा पुसल्या, तांब्या परत दिला. "आईला सांग, मीठ कमी आहे. सगळं त्या खड्ड्यात ओतलं वाटतं." आणि कामाला लागले.

मी तांब्या घेऊन ओटीपर्यंत पोचले असेन. आधी आवाज आला तो पडण्याचा नव्हता. खालून आला, कुणी मोठा श्वास आत घ्यावा तसा. बल्ल्यांखालची फरशी गुंफेत गेली, बल्ल्या गेल्या, तुळई गेली आणि मग वरचं सगळं, सावकाश, एकामागून एक. माझ्या डोळ्यांनी मी सावकाश पाहिलं, लोक म्हणतात डोळ्याचं पातं लवायच्या आत झालं. चार खांब, वरच्या फरश्या, गच्चीचा तो बडवून बडवून आरशासारखा केलेला चुना. त्यांचाच चुना. धूळ बसली तेव्हा पागोटं जिथे काढून ठेवलं होतं तिथेच होतं, कोरडं. मामांना काढायला दुपार झाली. त्याहून जास्त मी लिहिणार नाही.

दगड उपसताना खाली पोकळी दिसलीच. पण जमलेल्या माणसांच्या गडबडीत लोकांना वाटलं, दगडांच्या भाराने जमीन खचली, महाराजांच्या खड्ड्याची माती सरकली. एक-दोन विटा वर आल्या त्यांच्याकडे कुणी पाहिलं नाही. अण्णांनी त्याच आठवड्यात सगळं राडारोड्याने भरून घेतलं, स्वतः घमेली वाहून. सरकारी माणूस आला, अतिवृष्टी आणि जुनं बांधकाम असं लिहून गेला. गल्लीला तेवढं पुरलं नाही. गल्लीला माणूस लागतो. तात्या म्हणाले, "अण्णांनी सांगितलं होतं पलीकडे लाव. ऐकलं नाही. हुशारी नडली." आणि अण्णा तिथे बसले होते. ऐकत होते. मी चहा देत होते.

शपथेचं मी समजू शकते. पण शपथेत हे कुठे होतं, की मेलेल्याचं नाव खराब होऊ द्यायचं? तेवढं तर ते बोलू शकले असते, की राणोजीने विचारलं होतं, मी चुकीचं सांगितलं. गुंफेचं नाव न घेता. नाही बोलले. का, ते मला कधी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर मलाही उत्तर द्यावं लागलं असतं.

तुमच्या घरावर काय आलं ते तुझ्या आजीने तुला सांगितलंच असेल, किंवा नसेल. मामांच्या भावांना एकाही देवळाने, एकाही मठाने काम दिलं नाही. ज्यांचा टेकू चुकतो त्यांना छताखाली कोण घेणार? घाणीचा बैल विकला. तेराव्याला मी आईबरोबर गेले होते. रुक्मी न्हाणीपाशी भांडी घासत होती. माझ्याकडे न बघताच म्हणाली, "तारा, तू होतीस ना तिथे? बाबांचं खरंच चुकलं का गं?"

मी म्हटलं, "लोक तसं म्हणतात."

तिने राखेचा हात थांबवला, पुन्हा सुरू केला. महिन्याभरात ते गल्ली सोडून गेले.

अण्णा पुढे नऊ-दहा वर्षं जगले. किल्ल्या दुसऱ्याला दिल्या. मंडपातून जायचं टाळायचे, भिंतीच्या कडेने मागच्या दाराने यायचे-जायचे. ताक पानात वाढलं की पान सरकवून उठायचे, आईला कारण कळायचं नाही, ती बिचारी ताक बदलून बघायची, आंबट आहे का, गोड आहे का. शेवटच्या दुखण्यात मला जवळ बोलावलं. मला वाटलं, आता बोलतील. म्हणाले, "कुणाला सांगितलं नाहीस ना?" मी म्हटलं, "नाही." त्यांनी डोळे मिटले. शांतपणे गेले, असं लोक म्हणाले. मी तिथे होते. शांतपणे नाही गेले.

तर मेघना, टेकू बरोबर होता. तुझ्या आजीच्या बापाने विचारायचं ते विचारलं, एकदा नाही, दोनदा, दोन माणसांना, आणि दोघांनी खोटं सांगितलं. एक माझा बाप, दुसरी मी. बारा-तेरा वर्षांची होते, हे तू माझ्या बाजूने म्हणशील. म्हणू नकोस. तेव्हा तेरा वर्षांची होते, पण नंतर वीस, चाळीस, साठ वर्षांचीही होतेच की. वंश बुडतो म्हणतात बोलणाऱ्याचा. मी बोलले नाही, तरी मला मूल झालं नाही. अक्कांची मुलं परदेशी. आता बुडायला राहिलंय काय?

रुक्मी जयनगरला, माझ्या घरापासून चालत दहा मिनिटांवर राहते. भाजीच्या गाड्यापाशी भेटते, गुडघ्यांचं विचारते, कढीपत्ता माझ्या पिशवीत टाकते. हे सगळं मला तिच्या तोंडावर सांगता आलं नाही, म्हणून तुला लिहिलं. तूच तिला वाचून दाखव, तिला हल्ली कमी ऐकू येतं, जरा मोठ्याने वाच. मग काय ते ती ठरवेल. आणि तुम्ही दोघी या. रविवारी या, नाहीतर मधल्या वारी, मी कुठे जातेय. बोलायला या, भांडायला या, नुसतं दारात उभं राहून माझ्याकडे बघायला या. तिला यायचं नसलं तर तू एकटी ये, तिने काय म्हटलं तेवढं सांगायला. पण लवकर ये गं. दार मी सकाळपासून लोटून ठेवते, कडी घालत नाही.